झाकण उचलणारे भावोजी

आमचे भावोजी एलिओ झाम्पिएरी म्हणजे जगातल्या प्रत्येक स्वयंपाकाचे परीक्षक. स्वतः उभ्या जन्मात अंडंसुद्धा उकडलेलं नाही, पण बशी समोर आली की घास तोंडात जायच्या आधी तोंड वाकडं. नावाला भावोजी हं. मी त्याला एलिओच म्हणते, तेही चांगल्या दिवशी. वाईट दिवशी काय म्हणते ते माझ्या बहिणीने कधी ऐकू दिलं नाही. "जाऊ दे गं," म्हणायची आणि मला स्वयंपाकघरात ओढून न्यायची.

अमेरिकेतल्या या बॅरी गावात आम्हा इटालियन लोकांची निम्मी पिढी ग्रॅनाइटच्या शेडमध्ये खपली. कुणाचे वडील दगडाच्या धुळीने खोकून गेले, कुणाचा भाऊ गेला. एलिओ तिथे झिलईवाला होता. थडगी घासून चकचकीत करायची. वाईट काम नाही, घाम गाळून पोट भरलं, मान्य. पण याला विचाराल तर दफनभूमीच्या फाटकातला तो देवदूत यानेच कोरलाय! पाव्हणा आला की त्याला थंडीत तिथवर चालवत न्यायचा आणि पंखावर हात फिरवत उभा राहायचा. कोरला दुसऱ्यानेच, तो माणूस बिचारा केव्हाच गेला. एलिओने फक्त डावा पंख घासला होता. उजवा कुणी घासला ते कुणाला ठाऊक नाही, पण तो जास्त चकाकतो.

तळघरात वाइन करतो. सॅलडवर व्हिनेगरसारखी घालायला बरी पडते.

असल्या माणसाशी माझ्या थोरल्या बहिणीने, नोरिनाने, लग्न केलं. नोरिनाच्या हातची चव सगळ्या गावाला माहीत. चर्चच्या जेवणावळीत तिचं पातेलं आधी रिकामं व्हायचं आणि बाकीच्या बायका आपापली भांडी झाकून परत न्यायच्या. आणि घरी? घरी हा बसणार, पावाचा तुकडा रश्श्यात बुडवणार, डोळे मिटणार, आणि म्हणणार, "ठीक आहे. पण माझी आई करायची तो रस्सा..." पुढे एक सुस्कारा. त्याच्या आईच्या हातचा रस्सा मी खाल्लाय. मीठ आणि पाणी! पण मेलेल्या बाईच्या रश्श्याशी कोण स्पर्धा करणार? चाळीसहून जास्त वर्षं नोरिना त्या सुस्काऱ्याशी झुंजली. दर रविवारी चर्चला जायच्या आधी उठून मांस तांबूस परतायचं, कांदा, गाजर, सेलरीच्या दांड्या, टोमॅटो, लाल वाइन, रोझमेरीची काडी. मग दुपारपर्यंत शेगडीपाशी उभी. आणि बक्षीस काय, तर "ठीक आहे."

मागच्या पानगळीत तिला अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला आणि शब्द गेले. समजतं सगळं, डोळे पूर्वीसारखेच तल्लख, पण एक शब्द बाहेर काढायचा तर विहिरीतून बादली ओढल्यासारखी ओढावी लागते. गिळायलाही त्रास. डॉक्टरीणबाईंनी बजावलं, काट्याने दाबलं की चुरा होईल असंच द्यायचं, घट्ट काही घशात अडकलं तर जिवावर बेतेल.

सुरुवातीला शेजारणींनी डबे आणले. मी रोज जायची. पण बर्फ पडायला लागलं, माझ्या गुडघ्यांनी संप केला, आणि डबे हळूहळू आटले. एलिओ तिला काय खाऊ घालत होता म्हणाल? दुकानातलं डबाबंद सूप. सकाळी सूप, रात्री सूप. वर मलाच सांगतो, "खातच नाही गं ती, मी काय करू?"

"अरे, तू खाशील का ते?"

"मी? मी खाली गावातल्या क्लबात सँडविच खातो."

मी तोंड उघडलं असतं तर पोलिसच आले असते.

मार्च लागला तेव्हा त्यांची मुलगी डोरीन बर्लिंग्टनहून आली. आईला उचलून खुर्चीत बसवताना तिला कळलं की आईचं वजन उरलेलंच नाही. तिथेच ती बापाकडे वळली. डोरीन माझ्या वळणावर गेलीय, तोंडाने सरळ.

"पापा, टेकडीवरच्या नन्सच्या घरात एक खोली रिकामी झालीय. सोमवारी सकाळपर्यंत त्या माझ्यासाठी थांबतायत. रविवारी मी जेवायला येते. स्वयंपाक तुम्ही करायचा. मम्माने पोटभर खाल्लं तर ती इथे राहील, नाही तर मी तिला घेऊन जाते."

"माझ्या बायकोला म्हाताऱ्यांच्या घरात? मी जिवंत असताना?"

"तुम्ही जिवंत असून ती उपाशी मरतेय, पापा."

नोरिना खिडकीपाशी बसली होती, गुडघ्यांवर शाल. सगळं ऐकत होती. तिला कुणीच काही विचारलं नाही, मीही नाही. विचारायचं काय त्यात? स्वतःचं घर सोडून कुणाला जायचं असतं? मला तर ती घरीच हवी होती. टेकडी माझ्या गुडघ्यांना चढवत नाही.

डोरीनने गाडीतून एक खोकं आणलं. आत स्लो कुकर. विजेवर चालणारं मातीचं जाड भांडं, वर काचेचं झाकण. "सकाळी सगळं घाला, बटण दाबा, झाकण लावा," ती म्हणाली, "आणि मग त्याला हात लावू नका."

एलिओने त्या भांड्याकडे असं पाहिलं की जणू कुणी जेवणाच्या टेबलावर बूट ठेवलेत. "वीज कधी रस्सा करते का? माझ्या आईने हे पाहिलं असतं तर..."

"तुझ्या आईला राहू दे थडग्यात, दगड तूच घासलायस ना तिचा," मी म्हणाले. "कांदे किती लागतात ते सांग आधी."

त्याला सांगता आलं नाही. मी सांगितलं. शनिवारी जाऊन खाटकाकडून खांद्याचं बीफ मीच आणलं, कारण याने बिनचरबीचं महागडं आणलं असतं आणि ते मंद आचेवर लाकूड झालं असतं. रविवारी भल्या पहाटे मी त्याला फोनवरून मांस परतायला लावलं. तिकडून नुसता आरडाओरडा. "उडतंय! तेल उडतंय!" उडू दे मेल्या, तेलाचं कामच ते. शेवटी सगळं भांड्यात पडलं, बटण दाबलं गेलं, झाकण बसलं. मी निश्चिंत होऊन चर्चला गेले. माझीच चूक.

परत येताना त्यांच्याकडे डोकावले. पाहते तर भावोजी ओट्यापाशी उभे, एका हातात काचेचं झाकण, दुसऱ्या हातात पावाचा तुकडा, चष्म्यावर वाफ जमलेली.

"काय चाललंय?"

"चव बघतोय."

आता आमच्या घरांतून रविवारी हे असंच असतं. शेगडीवर रस्सा रटरटत असतो आणि जाता येता जो तो झाकण उचलून पाव बुडवतो. त्याला कुणी अडवत नाही, अडवलं तर माणूस रुसतो. शेगडीला काय, खाली जाळ आहे, पुन्हा उकळी येते. पण या भांड्यात जाळ कुठला? इथे सगळा कारभार आतल्या वाफेवर. एकदा झाकण उचललं की ऊब गेली, आणि ती परत जमायला अर्धा तास जातो. हा बाबा पहाटेपासून झाकण उचलतोय!

"किती वेळा उघडलंस?"

"मोजलंय का मी? मीठ बघायला उघडलं. मग वाइन कमी वाटली. मग ढवळायला. ढवळल्याशिवाय रस्सा होतो का कधी? माझी आई..."

"एलिओ, ठेव ते झाकण!"

ठेवलं. पण मी नोरिनाचे केस विंचरायला आत गेले आणि मागे पुन्हा काचेचा आवाज झाला. माणूस नाही, मांजर आहे.

डोरीन दुपारी आली. टेबलावर चांगलं कापड अंथरलेलं, पाव कापलेला. एलिओने झोकात रस्सा वाढला. वास सुरेख होता, खोटं का बोलू. नोरिनाने डाव्या हाताने एक तुकडा तोंडात घातला. चावला. चावतच राहिली. आम्ही तिघं तिच्या जबड्याकडे बघत बसलो. मग तिने हळूच नॅपकिन तोंडाशी नेला आणि तुकडा त्यात काढून ठेवला. मी काटा दाबून पाहिला. चामडं.

डोरीनने नुसता फोन पर्समधून काढून टेबलावर ठेवला.

"खाटकाने म्हातारा बैल दिला," एलिओ म्हणाला. "नाहीतर हे यंत्रच बिघडलेलं आहे. मी आधीच म्हणत होतो!"

नाचता येईना, अंगण वाकडं. मी डोरीनला पाव बुडवण्याची सगळी कथा सांगितली. ती हसली नाही, पण निघायला म्हणून चढवलेला कोट तिने काढून पुन्हा खुंटीला लावला. "संध्याकाळपर्यंत थांबते," म्हणाली. "मावशी, तू त्या भांड्यापाशी बस."

बसले. ओट्याला खुर्ची लावली, लाकडी डाव मांडीवर घेतला. भावोजी पहिल्यांदा आले ते पाणी प्यायला. दुसऱ्यांदा पाणी प्यायला आले तेव्हा मुठीत पाव होता. डाव बोटांवर बसला. "आई गं! माझ्याच घरात मला मारते!" असं ओरडत तळघरात गेला आणि आपली ती आंबट वाइन पीत बसला.

मग वर आला तो वेगळाच. नोरिनाला डुलकी लागली होती. त्याने तिची शाल सारखी केली, आणि माझ्याजवळ येऊन दुसरीकडेच बघत उभा राहिला.

"शिजेल ना गं?"

"तू हात लावला नाहीस तर शिजेल."

"ती गेली तर या घरात मी..." नाक ओढलं त्याने. मला दया आली. क्षणभर. मग आठवलं की हिवाळाभर हा क्लबात सँडविच खात होता, आणि ती ओसरली.

अंधार पडायच्या सुमाराला मी झाकण उघडलं. डाव लावला आणि मांस आपोआप सुटलं. गाजरं रश्श्यात विरघळली होती, वर तांबूस तवंग. डोरीनने आईला वाढलं. नोरिनाने चमच्याने तुकडा दाबला, तो पसरला. खाल्ला. गिळला. दुसरा घेतला. बशी संपली तेव्हा डोरीनच्या डोळ्यांत पाणी होतं. तिने फोन उचलून पर्समध्ये टाकला.

"पापा, जिंकलात. खोली नको म्हणून सकाळी कळवते."

इथे गप्प बसायचं की नाही? देवाने पदरात टाकलं होतं. जेवायचं, देवाचे आभार मानायचे, झोपायचं. पण उचलली जीभ लावली टाळ्याला! बाह्या सरसावून, पावाने हवेत रेघा ओढत भावोजी सुरू झाले.

"बघितलंत? सकाळी टाकलं, बटण दाबलं, झालं! एवढंच तर होतं! आणि तुझी आई, डोरीन, जन्मभर त्या शेगडीपुढे अशी उभी राहिली, जशी काही खाणीत दगड फोडतेय. रविवारी बोलायची सोय नाही, 'मी दमले, मी दमले.' कशाने दमली? मी एका दिवसात शिकलो!"

नोरिनाचा चमचा बशीच्या काठावर थांबला. तिने त्याच्याकडे पाहिलं. रागाने नाही. दुकानात एखादी वस्तू बराच वेळ हातात धरून माणूस बघतो आणि मग परत ठेवतो, तसं.

डोरीन बशा गोळा करत होती, तिचं लक्ष नव्हतं. आपलं सहज विचारायचं म्हणून तिने विचारलं, "मग काय मम्मा? घरीच राहायचं ना?"

"नाही," नोरिना म्हणाली.

आम्हाला वाटलं, शब्द चुकला. हल्ली तिचे चुकतात. मी खाली वाकून विचारलं, "नोरिना, नाही म्हणजे? घरी नाही?"

"टेक... डी."

डोरीन हातात बशा घेऊन तशीच उभी. एलिओचं तोंड उघडं. "अगं पण... रस्सा आवडला नाही का तुला?"

"आव... डला." आणि खरंच आवडला होता. तिने डाव्या हाताने पावाचा तुकडा घेतला आणि बशीतला रस पुसून खाल्ला, अगदी स्वच्छ.

"मग? अगं, या वयात तुझ्यासाठी कांदे चिरले मी! आता मी हे शिकलो ते कोणासाठी?"

तिने शब्द शोधायला घेतला. ओठ हलले, थांबले, पुन्हा हलले. कुणी मदत केली नाही.

"तुझ्या... साठी," ती म्हणाली, आणि आणखी वाढ म्हणून बशी पुढे केली.