मळेवाल्याची ओळख

इंग्लंडमधल्या वॉटफर्डच्या आमच्या मराठी मंडळात प्रमुख पाहुण्यांची ओळख करून देण्याचं काम वीस वर्षं माझ्याकडे आहे. पाहुणा कोणीही असो, साचा ठरलेला: बालपणीचे कष्ट, मग कर्तृत्व, शेवटी 'इतकं असूनही पाय जमिनीवर'. एका दातांच्या डॉक्टरलाही मी त्यात बसवलंय.

निवृत्त झाल्यावर लायब्ररीतल्या वाचनगटात जायला लागलो. तिथे दर महिन्याला एकाने वाचलेल्या चरित्रावर दहा मिनिटं बोलायचं. माझ्या पहिल्या पाळीला वाट्याला आला अमेरिकेच्या दक्षिणेतला एक जुना पुढारी. कापसाचे मळे, त्यावर राबणारे गुलाम, आणि संसदेत स्वातंत्र्यावर भाषणं. गोऱ्या मंडळींपुढे इंग्रजीत पहिल्यांदाच उभा राहणार होतो. नाक कापून घ्यायचं नव्हतं, म्हणून आठवडाभर लिहीत बसलो.

बोलायच्या दिवशी, शनिवारी सकाळी, बायकोला वाचून दाखवलं. ती दुसऱ्या दिवशीच्या मंडळाच्या गणपतीसाठी अळूवड्या वळत होती. पुढाऱ्याची ओळख नेहमीच्या साच्यातली: लहानपणी वडील गेले, स्वतःच्या हिमतीवर शिकला, आणि घरी चाळीस पाहुणे तृप्त झाल्याशिवाय पंगत उठत नसे. गुलामांचा विषय मी एका वाक्यात उरकला होता. सत्काराच्या वेळी पाहुण्याची लफडी कोण काढतं?

वड्या वळता वळता तिने विचारलं, "त्या चाळीस जणांचा स्वयंपाक कोण करत होतं?"

मी पुस्तक परत उघडलं. ते त्याच्या मुलीने लिहिलेलं. त्यात बापाच्या घोड्यांची नावं होती, कुत्र्यांचीही होती. स्वयंपाकिणीबद्दल इतकंच की तिच्या हातच्या पावाची चव विसरता येत नाही. पुढच्या पानावर, हवापाण्याच्या गप्पा माराव्यात तसं, तिची लेक दुसऱ्या मळ्यावर विकल्याचं एक वाक्य. ते मी आधी वाचलं होतं, आणि सोडून दिलं होतं. मला स्वतःची लाज वाटली. बायकोला म्हणालो, तुम्हा सगळ्यांच्या हातचं जेवून मी वीस वर्षं माईक धरला, तुमची ओळखही कधी करून दिली नाही.

"माझी आणि तिची बरोबरी करू नका," ती म्हणाली. "मी कंटाळले तर पिझ्झा मागवते. तिला पोटची लेक जवळ ठेवता आली नाही."

मी कागद फाडले. दुपारी लायब्ररीत त्या बाईपासून सुरुवात केली, आणि मळेवाल्याला शेवटचं एक मिनिट दिलं. एका आजींनी बाईचं नाव विचारलं. लिहिलेलं नाही, म्हणालो. टाळ्या काही पडल्या नाहीत, पण चहाकडे उठायची घाईही कोणी केली नाही.

रविवारी मंडळात पाहुण्यांच्या आधी स्वयंपाकाच्या सगळ्या मंडळींना स्टेजवर बोलावलं, एकेकाचं नाव घेतलं. मला फार बरं वाटलं. अळूवड्या गार झाल्या म्हणून बायको गाडीत बसेपर्यंत कुरकुरत होती. घर जवळ आल्यावर मात्र म्हणाली, "त्या बाईच्या लेकीचं पुढे काय झालं, कुठे सापडतं का बघा."

मी अजून बघतोय.