हानाबाईच्या वहीत माझं बोलणं

विसरलात ना? मला ठाऊकच होतं. थालीपिठाची भाजणी सांगितली तर घरून चकलीची पाठवणारी माणसं तुम्ही, तुम्हाला हानाबाई काय आठवणार!

हानाबाई गेली. इथे एकोणपन्नासावा दिवस पाळतात, तो आज.

शेवटच्या दिवसांत मी तिच्याकडे गेले नाही. भ्याले.

मी बोलतेय, नात सई टाईप करतेय. मला अक्षरओळख नाही, तेव्हा चुका सगळ्या तिच्या.

इथे जपानात, हिगाशी-कसाईला माझ्या लेकाच्या, मंदारच्या बिल्डिंगमध्ये खालच्या मजल्यावर राहायची ती. हानाए-सान. मी तिची हानाबाई केली.

ओळख कचऱ्यावरून. नारळाची करवंटी मी भलत्या पिशवीत टाकली, ती ही बाई हातात धरून वर आली. कुठल्या वारी कुठला कचरा, ते मला चित्रं काढून दिलं. मी तीन-तीन महिन्यांच्या व्हिसावर येते-जाते, चित्रं मात्र फ्रीजवर कायमची.

तिची नोकरी इथल्या संसदेत. कोण काय बोललं ते हाताने भराभर उतरवून घ्यायचं. नुसत्या वाकड्यातिकड्या रेघा! सई इथल्या शाळेत शिकते, पण तिलाही त्यातलं एक अक्षर लागेना.

मी सईला म्हटलं, "चला, आता तूही माझ्या वर्गात."
हानाबाई खोकला येईपर्यंत हसली.

मोठ्या भूकंपानंतर काही वर्षांनी इथे गुपितांचा कायदा आला. सरकारचं गुपित फोडलं तर तुरुंग. आणि गुपितं सांभाळणाऱ्या, हेरगिरी करणाऱ्या खात्यांवर नजर ठेवायला खासदारांची एक छोटी समिती. दार बंद, फोन बाहेर.

त्या खोलीच्या कोपऱ्यात, रिटायर होईपर्यंत, पेन्सिल घेऊन हानाबाई.

आत काय चालायचं ते मी विचारलं नाही. तिने सांगितलं नाही.

मग तिला विसरायला व्हायला लागलं.

"विसरायची भीती नाही हो," तिने सईकरवी मला सांगितलं. "तोंडातून काही निघून जाईल, त्याची आहे. समोर कोण बसलंय तेच विसरले तर?"


उपाय तिनेच काढला. लिहून घेणाऱ्याने बोलायचं नाही, हा त्यांचा नियम, तिच्या हाडात मुरलेला. तर मदतनीस बाई घरी आली की मी समोर बसायचं. हानाबाईच्या तोंडी संसद आली रे आली, की मी मोठ्याने मराठीत सुरू व्हायचं.

काहीही. भाजणी कशी भाजायची. जाऊबाईने कसा छळ मांडला होता.

तिचा हात आपोआप पेन्सिलीकडे जायचा आणि तोंड बंद. अर्थ कळायचा नाही, पण आवाज जसाच्या तसा उतरवायची.

निघताना मी म्हणायची, "येते हं उद्या." तेही लिहायची.

एका दुपारी मी आत चहा ठेवायला गेले. सई एकटीच तिच्यासमोर होती.

घरी आल्यावर जेवताना सई बापाला म्हणाली, "बाबा, हानाए-सान म्हणाली, समितीतले लोक विचारायचे, आणि त्या गुपितवाल्या खात्यांचे साहेब म्हणायचे, याबद्दल सांगता येणार नाही. परत विचारायचे, परत तेच. ती तेच लिहायची."

मंदारचा घास हातातच राहिला.

"हे तू कुणाला बोललीस?"
"कुणाला नाही. यात गुपित काय आहे?"
"ते आपण नाही ठरवायचं! माझं काम सरकारी ऑफिसचं आहे. व्हिसा रिन्यूअलला टाकलाय. आई, उद्यापासून खाली जायचं नाही."
"अरे, मला वाचतासुद्धा येत नाही."
"ऐकू येतं ना?"

मी सासूला कधी घाबरले नाही, तुम्हाला ठाऊक आहे. पण लेकाचा चेहरा बघितला आणि भ्याले. नाही गेले.

तिसऱ्या दिवशी बेल वाजली. दाराच्या भिंगातून पाहिलं. हानाबाई. हातात वही.

मी दाराआड श्वास धरून उभी. लिफ्ट खाली गेल्याचा आवाज आला, तेव्हा सोडला.

नंतर कळलं, मदतनीस बाईपुढे ती तोंडच उघडेना. डॉक्टरपुढेही नाही. छातीत दुखतंय, हेसुद्धा बोलली नाही. काय बाहेर पडेल, याचा तिला भरवसा नव्हता ना.

आज सेंदाईहून तिची मुलगी आली. घरात ती वही सापडली होती. आईने आतलं काही घरी आणलं की काय, म्हणून तीही घाबरलेली. हानाबाईची संसदेतली जुनी सोबतीण तिने वाचायला बोलावली. आम्हालाही बोलावलं. मंदार चपला न काढता दारातच उभा.

त्या सोबतीणबाईंनी चष्मा लावला. कपाळाला आठ्या. "हे जपानी नाही."
मग एकेक आवाज जुळवत वाचू लागल्या. "बाजानी... मान्दो आचेवारु..."

माझंच बोलणं! भाजणी, जाऊबाई, सगळं. मंदारने चपला काढल्या आणि आत येऊन बसला.

शेवटची पानं आली. रोजची तारीख, खाली एकच ओळ.

"येते हा उद्या."
"येते हा उद्या."
"येते हा उद्या."

मी न गेलेल्या सगळ्या दिवसांची.

मुलीने विचारलं, याचा अर्थ काय? सईने सांगितला. मी मान वर केली नाही.

मंदारने आत्ता हे वाचलं. म्हणाला, साहेबांचं ते वाक्य काढ. मग जरा वेळाने स्वतःच म्हणाला, "राहू दे. तेवढं समितीच्या छापील अहवालातसुद्धा असतं."

छापलेल्या गोष्टीला भ्यालो आम्ही. आणि आता मला दुसरीच भीती वाटते. राखणदारावर नजर ठेवायला बसवलेल्यांनाच कोणी काही सांगत नसेल, तर ती बिचारी जन्मभर कशाला ओठ आवळून बसली?

हानाबाई, आज निघताना मी 'येते' म्हटलं नाही. तुझ्या फोटोपुढे नुसती वाकले. चुकले गं.

आणि तुम्ही, भाजणी पाठवा. धने जरा जास्त. तिच्या मुलीला थालीपीठ करून घालायचंय. थालीपिठाचीच हवी. पाकिटावरचं वाचून घ्या, तुम्हाला वाचता येतं.