शिवम्माचा हिरवा चुडा

युसूफ वडगाव या गावात शिवम्माला कधी कुणी नावं ठेवली नव्हती. नवऱ्याच्या, म्हणजे चन्नप्पाच्या किराणा दुकानात ती गल्ल्यामागं बसायची आणि गुळाला मुंग्या लागल्या असल्या तर गिऱ्हाइकाला आधी सांगायची. अशा बाईबद्दल, नवरा जाऊन वर्ष व्हायच्या आत, पोटच्या पोरानं लिहून द्यावं की ही आमच्या बापाची बायकोच नव्हती! सांगतानासुद्धा तोंड कडू होतं.

शिवम्माचा पहिला नवरा तिच्या ऐन तारुण्यात गेला. इकडं चन्नप्पाची पहिली बायको तापानं गेलेली, पदरात रांगता महांतेश. दोघांचं म्होतूर लागलं. म्होतूर म्हणजे विधवेचं दुसरं लग्न, आणि ते उरकायचं चोरी केल्यासारखं. वाजंत्री नाही, पत्रिका नाही, फोटो नाही, सवाशिणींनी तर तिकडं फिरकायचंही नाही. लग्न लावणारा एक जंगम आणि चार म्हातारे, बस. आता त्यातलं कुणी उरलं नव्हतं. महांतेशला तिनं मांडीवर वाढवलं. पुढं बसवेश्वर झाला, तरी दोघांच्या ताटात तिनं कधी फरक केला नाही. हाच तिचा गुन्हा असावा.

चन्नप्पा गेला तेव्हा लिंगायतांच्या रीतीप्रमाणं त्याला स्वतःच्या शेतात बसवून समाधी दिली. शेजारी शिवम्मापुरती जागा त्यानं जिवंतपणीच राखून ठेवली होती. पण शेत रस्त्याच्या कडेला. रस्ता मोठा झाला, प्लॉट पाडणारे आले आणि दोघा भावांच्या तोंडाला पाणी सुटलं.

"बाकीचं काय करायचं ते करा," शिवम्मा म्हणाली. "समाधीचा तुकडा मी इकू देणार न्हाई."

वारसांत तिचं नाव लागलं तर तिच्या सहीशिवाय शेत विकता येत नव्हतं. मग कुण्या सुपीक डोक्यातून निघालं, की तिचं लग्न झाल्याचा पुरावा काय?

महांतेशनं तलाठ्याकडं तिच्या नावाला हरकत घेतली, हे एक वेळ समजू. पण बसवेश्वरही त्याच्या शेजारी सही ठोकून आला! त्याच्या शाळेच्या दाखल्यावर बापाचं नाव होतं आणि त्याच्या हिश्श्याला हात लावणार नाही, असा शब्द महांतेशनं दिला होता. बुडणार होती ती एकटी आई.

"कागदापुरतं हाय गं," भाकरी मोडता मोडता बसवेश्वर म्हणाला. "घरात तू आईच हायेस."

भाकरी तिनंच थापलेली. शिवम्मा चुलीपुढनं उठली आणि शेजारच्या छबुबाईकडं राहायला गेली. त्या घरचं पाणीसुद्धा तिनं पुन्हा तोंडाला लावलं नाही.

तिथं तिला राहून राहून एकच आठवायचं. चन्नप्पाला उचलायच्या वेळी हाच महांतेश सगळ्यांदेखत ओरडला होता, "आईच्या बांगड्या फोडा की आधी! खोळंबा कशाला?" काच घुसल्याची खूण मनगटावर अजून होती.

सुनावणीआधीच्या आठवडी बाजारात ती कासारापुढं बसली आणि दोन्ही हात पुढं केले.

"हिरव्या भर. हातभर."

कासार घुटमळला. छबुबाईनं कपाळावर हात मारला. "येडी झालीस का? लोक तोंडात शेण घालतील."

"घालू दे. पोरांनी घातलं त्याच्यापेक्षा घाण नसंल."

मंडळ अधिकाऱ्यांसमोर भावांचा वकील ठासून सांगत होता की सदर बाई मयताची पत्नी नव्हती. तेवढ्यात शिवम्मा आत आली. कपाळभर कुंकू, हातभर हिरवा चुडा. दारात भावकी उभी. ते बघून महांतेशला इस्टेटही आठवेना आणि वकीलही.

"लाज हाय का न्हाई?" तो तडकला. "माझा बाप मरून वरीस झालं न्हाई, अन् त्याची बायको हिरवा चुडा भरून हिंडती! आमी गावात तोंड कसं दाखवावं?"

वकिलानं त्याची बाही ओढली, पण उशीर झाला होता. अधिकाऱ्यांनी चष्मा काढला. "कुणाची बायको?"

महांतेश वकिलाच्या मागं सरकला.

"साहेब," शिवम्मा म्हणाली, "मी बायको न्हवते तर ह्यानं माझ्या बांगड्या का म्हून फोडायला लावल्या? इचारा त्याला."

तेव्हा कुठं भावकीला कंठ फुटला. "व्हय साहेब, आमच्यादेखत फोडल्या. म्होतूरबी झालतं, समद्या गावाला ठावं हाय." इतके दिवस हीच माणसं मूग गिळून बसली होती, बरं का!

हरकत फेटाळली गेली. शिवम्माचं नाव लागलं. ती तडक शेतात गेली आणि समाधीपाशी बसून एकेक बांगडी अख्खी उतरवायला लागली. मागून बसवेश्वर आला.

"आई, चुकलं माझं. घरी चल."

"माझी जागा हितं हाय. पण मी गेल्यावर मला हितं बसवायला तू येऊ नकोस. छबुबाईला सांगून ठिवलंय, गावातली माणसं येतील."

"आसं कसं? पोटचा पोरगा आसताना?"

शिवम्मानं शेवटची बांगडी समाधीवर ठेवली.

"कागदापुरतं हाय रं," ती म्हणाली.