सातवी घागर
टँकरच्या पाण्याला गंजाचा वास आला की लातूर वेगळा जिल्हा झाला त्यानंतरचा वैशाख आठवतो. त्या वैशाखातल्या एका सकाळी आमच्या वाट्याला सात घागरी आल्या होत्या आणि घरात आम्ही चौघं होतो: आई, मी, उदगीरहून आलेला धाकटा भाऊ आणि त्याची नवी बायको. भाऊ दीड वर्षाचा असतानाच आईनं त्याला मावशीला दत्तक दिलं होतं, कारण वडिलांचा हात फार चालायचा. "भरल्या घरात वाढंल, बापावाणी निघायचा न्हाई," असं ती म्हणायची. वडील वारले तोवर त्यानं त्यांना पुन्हा पाहिलं नव्हतं. "तू नशिबाची हायस पोरी, ह्या घरचा मार तुझ्या वाट्याला न्हाई," आई सुनेला म्हणाली. सून पदर खोचून घागरी उतरवू लागली. सातवी घागर उतरवताना तिचा हात निसटला आणि सगळं पाणी अंगणात गेलं. भावानं खालचा ओठ दातात धरला, डावा हात कमरेवर ठेवला आणि उजवा उगारला, थेट वडीलच. सुनेनं कोपर इतक्या सरावानं डोळ्यांवर घेतलं, की आईला आणखी काही कळायचं उरलं नाही. मी त्याचा हात धरला. "कुणी शिकवलं रं तुला हे?" आईनं विचारलं. "कुणी न्हाई. हात आपसूक जातो," तो म्हणाला. वडिलांजवळ मी अठरा वर्षं काढली, त्यानं दीड. पुढं माझं लग्न झालं आणि माझाही हात बायकोवर दोनदा उठला. हे रक्तातून आलं की घरातून, ते मला आजवर ठरवता आलेलं नाही. त्या दिवशी उरलेल्या सहा घागरींतली एक आईनं सुनेला न्हायला दिली, आणि दुपारच्या एसटीनं ती भावाबरोबरच उदगीरला परत गेली.