मोहाखालची झाडलेली जागा

हे सांगायचं मी वर्षानुवर्षं टाळलं. माझी जी गोष्ट लोकांनी सर्वांत जास्त वाचली, तिच्याबद्दल कोणी विचारलं की मी हसून म्हणायचो, "सगळं काल्पनिक आहे."

गोंडपिपरीकडच्या आमच्या गावात ज्या घरचं मोहाचं झाड, त्याच घरच्या माणसांनी त्याखालचा पालापाचोळा झाडायचा, म्हणजे टपकलेली फुलं स्वच्छ वेचता येतात. दुसऱ्याच्या झाडाखाली कोणी खराटा फिरवत नाही. फिरवलाच, तर 'मी या घरचा' असं म्हटल्यासारखं होतं.

आमच्या झाडाला लागून एका विधवा बाईचं झाड होतं. मी गावातच मास्तर, बायकोमुलांचा. एका उन्हाळ्यात ती तापाने पडली, आणि मी रोज पहाटे तिच्या झाडाखाली झाडू लागलो. कोणी पाहिलं नाही.

ते मनात मावेना, म्हणून गोष्ट लिहिली. गोष्टीत मात्र झाड मास्तरचं आणि झाडणारी ती. मास्तर सज्जन, तो तिला समजावून परत पाठवतो. दिवाळी अंकात छापून आली. गावाचं नाव मी बदललं होतं. तिच्या कपाळावरचं गोंदण तेवढं माझ्याने बदलवलं नाही.

हातपंपावर बायका तिला म्हणू लागल्या, "काओ बाई, मास्तरच्या घरचा सैपाकही करून राह्यली का आता?" दिराने झाड काढून घेतलं. "तुले काऊन पाह्यजे आमचं झाड? मास्तरचं आहे ना!"

ती शाळेत आली. "मास्तर, मी कधी आली होती तुमच्या झाडाखाली?"

"गोष्ट आहे ती, बाई. गोष्टीत असं चालते."

"मंग गावाले सांगा ना तसं."

मी सांगितलं नाही. घरात बायको होती, आणि त्या गोष्टीने मला गावात सज्जन ठरवलं होतं.

पुढे ती सिरोंच्याला लेकीकडे राहायला गेली. मागच्या उन्हाळ्यात मी तिथे गेलो. गोंदण सुरकुत्यांत बुडालं होतं.

"या भाऊ," म्हणाली. चहा दिला. "लिहून राह्यले का अजून?"

"नाई."

"मी तापानं पडली होती ना, तवा दीर रोज झाडून ठेवे माझ्या झाडाखाली. मंग कसाही वागला, तेवढं चांगलं केलं त्यानं."

चहा संपवून मी उठलो. एसटी सुटल्यावर, खिडकीकडे तोंड करून, तिला सांगायचं ते पुटपुटलो.

"बाई, दीर नव्हता तो. मी होतो. मले माफ करा."