मागची खुर्ची

लेकीकडे अमेरिकेत आले की समोरच्या घराच्या पायरीवर एक धिप्पाड म्हातारा बसलेला दिसतो. तरुणपणी तो तिकडचा, हातानं चेंडू फेकायचा फुटबॉल खेळायचा, पोटापाण्यासाठी. चेंडू मात्र त्याच्या वाट्याला कधी आलाच नाही. आपल्या संघातल्या चेंडू फेकणाऱ्या गड्याकडे पाठ करून उभं राहायचं आणि त्याच्यावर धावून येणाऱ्यांना आपल्या छातीवर घ्यायचं, एवढंच त्याचं काम. त्यात गुडघे गेले, बोटं वाकडी झाली. टाळ्या त्या फेकणाऱ्याला.

मागच्या खेपेला त्याची बायको त्याच्या मागे खुर्चीत बसलेली असायची. न राहवून मी तिला विचारलं, “हे सारखे तुमच्याकडे पाठ करून का बसतात हो?”

ती हसली. “ज्याला जपायचं त्याच्याकडे बघायची सवयच नाही त्याला.”

मला बाई रागच आला होता तेव्हा.

यंदा ती नाही. हिवाळ्यात गेली, असं लेक म्हणाली. खुर्ची आहे तिथेच आहे. म्हातारा पायरीवर तसाच बसतो, वाकडी बोटं गुडघ्यांवर ठेवून, रस्त्याकडे टक लावून. सकाळी मी हात केला, त्यानंही केला.

मागे वळून तेवढं तो बघत नाही. त्यानं न बघताही ती मागे असायचीच. त्याच्या लेखी अजून असेल.