मोह पडायच्या वेळेलाच चौकशी

मंडळी, आज सकाळी मी पोलीस ठाण्यात आवाज चढवून आले. कॉन्व्हेंटच्या सिस्टरांनी चारचौघांत हळू बोलायला शिकवलं होतं. त्यांनी माफ करावं.

सावली तालुक्यातल्या आमच्या गावात शेवंताबाई माझी शेजारीण. तिच्या बांधावरच्या मोहाच्या झाडावर पलीकडच्या शेतवाल्याने हक्क सांगितलाय. दावा दिवाणी कोर्टात चालू आहे. तरी आठवडाभर तिला रोज पहाटे ठाण्यात बोलावतात आणि ऊन चढेपर्यंत बाकावर बसवून ठेवतात. मोहाची फुलं पहाटेच पडतात. ती बाकावर असताना तो शेतवाला ती वेचून नेतो.

आज मी सोबत गेले. हवालदार म्हणाले, "बाई, तुमी काऊन मधात पडून राह्यल्या?"

मी आवाज चढवला, "रिटायर झालेय, वेळ भरपूर आहे. हिचा गुन्हा काय, तेवढं लिहून द्या."

"लिहून कायचं? झाड सोडून दे म्हना तिले, मंग नाई बोलावत."

शेवंताबाई उठलीच. "भाऊ, चौकशी दुपारी करा ना! दुपारी मी रिकामीच राह्यतो."

एक शिपाई हसला आणि हवालदारांकडे बघून त्याने रजिस्टर उघडलं.

नागपूरला हायकोर्टात याचिका करतोय. हवालदारांचं ‘झाड सोडून दे’ हे वाक्य याचिकेत असेलच. उद्या पहाटे मात्र आम्ही दोघी ठाण्यात नाही, झाडाखाली असू. हवालदारसाहेबांना काही विचारायचं असेल तर तिथे यावं, वेचता वेचता सांगू.

तुमच्यापैकी कोण येतंय? टोपली आपापली आणा.